वर्षालीच्या वहीतली फाटलेली पानं

मित्रांनो, मी एक जुनी, जाड पुठ्ठ्याची दोनशे पानी वही आहे. त्या दोनशेतली चार पानं आता माझ्यात नाहीत. ती का नाहीत, तेच तुम्हाला सांगायचं आहे.

काळेवाडीतल्या एका दुकानातून समाधानरावांनी मला आणलं, ते त्यांच्या मुलीच्या, वर्षालीच्या विज्ञानासाठी. पण आठवीची परीक्षा संपल्यावर माझी बरीच पानं कोरी राहिली आणि त्यांवर भलतंच काही उमटू लागलं. आईच्या मोबाईलवर वर्षालीला सांकेतिक मजकूर सोडवणाऱ्या मुलांचा एक गट सापडला होता. कुणीतरी अक्षरं आणि आकडे यांची विचित्र ओळ टाकायचं, बाकीच्यांनी अर्थ शोधायचा. खरं नाव आणि पत्ता कुणी सांगायचा नाही, हा तिथला नियम. एकदा सगळ्यांनी नाद सोडलेली ओळ वर्षालीने उलट्या बाजूने वाचून सोडवली. गटात तिचं फार कौतुक झालं. खोडाखोड माझ्या अंगावर झाली होती, म्हणून मलाही अभिमान वाटला.

तिथेच तिला 'पाकोळी' नावाची मैत्रीण मिळाली. दोघींनी शंभर शब्द निवडले, प्रत्येकाला एक आकडा दिला. ती यादी पाकोळीकडे होती आणि माझ्या मधल्या चार पानांवर होती. त्यानंतर त्या दोघी फक्त आकड्यांत बोलायच्या.

समाधानराव चाकणच्या एका कंपनीत कामाला. तिथे ज्योतीराम नावाच्या सोबत्याने त्यांना सांगितलं होतं की अनोळखी माणसं अशाच खुणांनी मुलांना फूस लावतात. एका रविवारी त्यांनी मला उघडलं आणि ते घाबरले. हे काय आहे, असं त्यांनी वर्षालीला विचारलं.

"तुम्हाला नाही कळणार, बाबा," ती म्हणाली.

त्यांनी ती चार पानं फाडली, सकाळी घंटागाडीत टाकली आणि मोबाईलवरून गट काढून टाकला. वर्षाली रडली नाही. ती जेवली आणि मला दप्तराच्या तळाशी ठेवून दिलं.

पंधरा दिवसांनी शाळेतल्या गणिताच्या बाईंनी समाधानरावांना बोलावून घेतलं. वर्षालीकडून कळल्यावर बाईंनी तो गट स्वतः पाहिला होता. ती कोडी होती, दुसरं काही नव्हतं. समाधानरावांनी घरी येऊन स्वतःच गट परत सुरू करून दिला. पाकोळीचा निरोप येऊन पडला होता. अकरा आकडे. तिचं खातं मात्र बंद झालं होतं.

वर्षालीला तीनच आकड्यांचे शब्द आठवले: 'आम्ही', 'गाव', 'सोडतोय'. उरलेले आठ तिने माझ्या शेवटच्या पानावर उतरवून घेतले.

"माझं चुकलं, पोरी," समाधानराव म्हणाले. "आधी विचारायला पाहिजे होतं."

"तुम्ही विचारलं होतं, बाबा. मीच सांगितलं नाही."

मित्रांनो, मला बोलता आलं असतं तर त्या रविवारी मी दोघांनाही थांबवलं असतं. तुम्हाला तर बोलता येतं. घरच्यांनी विचारलं, तर त्यांना जवळ बसवून समजावून सांगा. आणि मोठे झालात, की कुणाचं पान फाडण्याआधी दुसऱ्यांदा विचारा.

हल्ली पहिली शिफ्ट करून आले की समाधानराव मला घेऊन लेकीशेजारी बसतात. त्या आठांतल्या चौथ्या आकड्याखाली त्यांनी पेन्सिलने 'भेटूया' असं लिहिलं आहे. ते बरोबर आहे की नाही, हे ती चार पानं असती तर मला कळलं असतं, आता नाही.