काचवाल्याच्या घरचं ऊन

आमचे दाजी, म्हणजे ताईचे यजमान, जन्मभर लोकांच्या खिडक्यांना काचा बसवत आले. त्यांची काच इतकी स्वच्छ, की एका गिऱ्हाइकाची मांजर आरपार निघून गेली आणि काचेला पत्ताही लागला नाही. यातलं निम्मं सोडून द्या. अर्ध्या मांजरीचं मात्र मी छातीठोक सांगतो.

भाची नोकरीसाठी दूर गेली, तेव्हा आपला रंग बदलणारा सरडा दाजींच्या हवाली करून गेली. दोन डोळ्यांनी दोन दिशांना नजर ठेवायचा, म्हणून त्याचं नाव मुकादम. "बाबा, मी सुट्टीला येईन तेव्हा हा असाच हिरवागार दिसला पाहिजे हं."

दाजी लेकीच्या शब्दाबाहेर नाहीत. त्यांनी उन्हाच्या खिडकीशी मुकादमासाठी काचेचा महाल उभारला, आत प्लॅस्टिकच्या वेली सोडल्या आणि रोज सकाळी ओल्या वर्तमानपत्रानं काचा लख्ख पुसू लागले. मी आतल्या बाजूला खुर्ची टाकून देखरेख करायचो. ताईकडे राहायला आल्यापासून मला तेवढंच काम होतं.

पण मुकादम करडा पडत चालला. इतका, की ताईनं फडकं समजून त्याला उचललं आणि ओटा पुसला. नाकतोडा समोर बसलेला असायचा आणि याची जीभ अर्ध्यातच गळून पडायची.

"या घरात जीभ थकलेला हा पहिलाच," ताई म्हणाली. म्हणाली खरी, पण डोळ्यांना पदर लावला.

प्राण्यांच्या डॉक्टरीणबाईंनी त्याचे पाय हळूच चाचपले. "हाडं मऊ पडलीत. याला ऊन मिळत नाहीये."

"मिळत नाही?" दाजी तडकले. "खिडकीत असतो तो! काच मी स्वतः बसवलीय!"

"तिथंच तर घोळ आहे, काका. काचेतून उजेड येतो, ऊब येते. पण उन्हातलं जे हाडांना लागतं, ते काच अडवते. आणि झाडं खरी ठेवा. पानांवरचे थेंब चाटून पाणी पितो हा."

जिना चढताना दाजी थांबले. "मेव्हणे, माझी काच अडवते?"

"मांजर तर अडवली नव्हती," मी म्हणालो. दाजी हसले नाहीत.

घरी येताच त्यांनी हत्यारं काढली आणि स्वतःच्या हातानं महालाची एकेक काच उतरवली. तिथं जाळी ठोकली, पिंजरा बाल्कनीत नेला, अर्धा उन्हात, अर्धा सावलीत. ताईनं न मागता आपली जास्वंदीची कुंडी आत ठेवली. त्या कुंडीला हात लावायची मला कधीच मुभा नव्हती! मनी प्लांटही जाळीवर चढला. डॉक्टरीणबाईंनी दिलेलं औषध चालू होतंच.

एका सकाळी दाजी पिंजऱ्याचं दार उघडून पानांवर पाणी फवारत होते आणि मी शेजारी उभा होतो. माशी माझ्या नाकावर बसली. सट्कन! माशी गेली, आणि तिच्यासोबत माझा चष्माही. मुकादम पोपटासारखा हिरवा होऊन तोंड हलवत होता.

दाजींनी डॉक्टरीणबाईंना फोन लावला. "बाई, उपकार झाले तुमचे," एवढं म्हणाले आणि फोन ताईच्या हातात देऊन आत गेले. बाहेर आले ते माझी खुर्ची घेऊन. "मेव्हणे, तुमचीही हाडं माझ्या काचेमागंच कुरकुरायला लागली. बसा इथं."

सुट्टीला आलेली भाची बाल्कनीच्या दारातच थबकली. "अय्या, दोघंही तरतरीत!" म्हणाली आणि बापाच्या गळ्यात पडली.

मी रोज उन्हात बसून मुकादमाचे आभार मानतो. तो एका डोळ्यानं माझ्याकडे नीट लक्ष देतो. दुसरा डोळा माझ्या नाकावर असतो.