संत्र्याची साल

गेल्या वर्षभरात मी रांधलेला एकही डोब माझ्या आईला पसंत पडलेला नाही. म्हणजे अगदी एकही नाही. बैलाचं मांस रात्रभर वाइनमध्ये भिजवायचं, दुसऱ्या दिवशी मंद आचेवर दिवसभर शिजू द्यायचं, की झाला डोब. आमच्या गावात रविवारच्या जेवणाला याहून वेगळं काही करायचं कुणाच्या मनातही येत नाही. आईचे गुडघे गेले तेव्हापासून तो मी करते. करते आणि ऐकून घेते.

ऐकून घ्यायची रीतही ठरलेली आहे. मडक्याचं झाकण आम्ही कणकेने लिंपून घट्ट बंद करतो, म्हणजे आतली वाफ आतच राहते आणि येता-जाता कुणाला झाकण उचलून डोकावता येत नाही. ते तसंच बंद मडकं जेवायच्या टेबलावर येतं. मग घरातलं सगळ्यात मोठं माणूस सुरीच्या मुठीने कणीक फोडतं, झाकण उचलतं, वाफेत नाक घालतं आणि काय कमी-जास्त झालं ते सांगतं. तोवर ब्रेडच्या तुकड्यालाही हात लावायचा नाही. आजी गेल्यापासून हा मान आईकडे आहे आणि आई तो न्यायाधीशासारखा मिरवते.

"संत्र्याची साल कमी पडली," आई म्हणते. प्रत्येक रविवारी हेच.

आमच्या डोबमध्ये कडू संत्र्याची वाळवलेली साल घालतात. ती दोऱ्यात ओवून चुलीवर टांगलेली असते. पहिल्यांदा आई असं म्हणाली तेव्हा मी पुढच्या खेपेला दुप्पट घातली. तरी कमीच. मग तिप्पट घातली. एकदा तर चिडून अख्खी माळच आत सोडली. त्या दिवशी भांडं परत करायला आलेल्या शेजारच्या तेरेझने विचारलं, मुरंबा करतेस की काय. आई वाफेवर वाकली, डोळे मिटून थोडा वेळ थांबली आणि म्हणाली, साल कमी पडली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी टेबलावरून उठले आणि भांडी घासायला लागले, अजून जेवण व्हायचं असताना.

मी काय काय करून पाहिलं नाही? खाटीक बदलला. गालाचं मांस आणलं, नळीचं आणलं, दोन्ही मिसळून पाहिलं. तळाला डुकराची कातडी पसरायची ती ताजी घेतली. गॅस सोडून लाकडाच्या चुलीवर गेले. मी शाळेची बस चालवते; सकाळी पोरं सोडायची, दुपारी आणायची, आणि मधल्या वेळात घरी येऊन चुलीत लाकूड सारायचं, असा शनिवार-रविवार सोडून सरावही करून पाहिला. बाईला पाझर म्हणून नाही.

हेही मी सहन केलं असतं. पण नाताळात माझा धाकटा भाऊ बास्तियाँ त्याच्या बायकोला, सोलांजला, घेऊन आला आणि सोलांजने आमच्यासाठी म्हणून तिचा डोब आणला. प्रेशर कुकरमध्ये केलेला. वर मूठभर मीठ, केपर्स म्हणजे व्हिनेगरमध्ये मुरवलेल्या आंबट कळ्या, आणि लाल मिरची. मी एक घास घेतला आणि पाणी शोधू लागले. आईने मात्र ताट ब्रेडने पुसून घेतलं आणि सगळ्यांसमोर म्हणाली, "याला चव आहे हो." सोलांज बिचारी लाजली. तिलाही खरं वाटलं नसावं.

त्याच दिवशी आईने मडक्याचा विषय काढला. मडकं आजीच्या आईचं. मातीचं, पोट सुटलेलं, आतून वाइन पिऊन पिऊन काळंभोर झालेलं. आमच्यात ते जी सांभाळते तीच घराची बाई. आई म्हणाली, मगालीचा, म्हणजे माझा, हात काही बसत नाही. ईस्टरच्या आधीच्या रविवारी शेवटचं बघते, नाहीतर मडकं सोलांज नेईल. मी, जिने या घरात राहून आईचे गुडघे चोळले, तिच्या औषधांच्या वेळा पाळल्या, ती मी. आणि मडकं जाणार शहरात, फ्रिजच्या डोक्यावर, त्यात सुकलेली लॅव्हेंडर खोचायला. मी ताटं उचलायला लागले. बोलले असते तर फार बोलले असते.

तर तो त्या रविवारच्या आधीचा आठवडा. मिस्त्राल वारा सुटलेला, खिडक्या रात्रंदिवस थडथडत होत्या, आणि बसमधल्या निम्म्या पोरांनी मला त्यांची सर्दी बहाल केलेली. नाक असं चोंदलं होतं की तोंड उघडं टाकून गाडी चालवत होते. शुक्रवारी संध्याकाळी मांस कापलं, कांद्यात लवंगा खोचल्या, गाजरं, लसूण, तमालपत्र, थाईम सगळं मोठ्या वाडग्यात घातलं. साल घातली. ती किती, ते विचारू नका. मग वाइन आणायला तळघरात उतरले.

तळघरात उतरले आणि आणखी भडकले. हिवाळ्यात बास्तियाँने त्याच्या सायकली आमच्याकडे आणून टाकल्या होत्या. शहरातल्या घरात जागा नाही म्हणे. त्यासाठी त्याने तळघर सगळं हलवून ठेवलेलं. बटाट्यांची पेटी कुठे, बरण्या कुठे, आणि दिव्याच्या बटणासमोर सायकलचं हँडल. अंधारात नडगीला पेडल लागलं. भावाला दोन शिव्या घालत मी भिंतीशी गेले. वेताच्या विणीतले दोन मोठे काचेचे बुधले तिथे असतात. डावीकडचा बुधला उचलला, वर आणला आणि वाडग्यात ओतला. काळपट लाल, झकास रंग.

आई खुर्चीतून उठून काठी टेकत आली आणि वाडग्यावर वाकून बघू लागली. मीही वाकले. आमच्या दोघींची डोकी जवळजवळ टेकली.

रंग बरा आहे, आई म्हणाली. वर्षभरात तिच्या तोंडून निघालेलं हे पहिलं बरं वाक्य. मी इतकी हरखले की तिला कॉफी करून दिली.

शनिवारी सगळं मडक्यात घातलं, कणकेची वळी झाकणाच्या कडेने दाबून दाबून बसवली, आणि मडकं चुलीच्या कोपऱ्यावर मंद आचेला ठेवलं. दिवसभर ते आत पुटपुटत होतं आणि कणकेच्या एका चिरेतून बारीक वाफ सोडत होतं. दुपारी तेरेझ शिडी मागायला आली. दारातच थबकली, नाक वर केलं आणि म्हणाली, या दिवसांत काकड्यांचं लोणचं घालतेस होय? आधीच्या मुरंब्यानंतर हे. मी तिला शिडी दिली आणि दार लावून घेतलं. गावात सगळ्यांना माझ्या डोबची थट्टा करायची होती, तर करा म्हटलं.

रविवारी बास्तियाँ आणि सोलांज जेवायला आले. मडकं सकाळीच पुन्हा चुलीवर गरम करून ठेवलेलं, झाकण तसंच लिंपलेलं. मी मकरोनी उकडली, ताटं मांडली, नाक शिंकरलं. सोलांज माझ्याशी फार गोड बोलत होती. मडकं तिला नकोच असेल, पण आईला नाही कोण म्हणणार. ती गोड बोलत होती म्हणून मला तिचा जास्तच राग येत होता.

मी मडकं उचलून आईसमोर ठेवलं. मनात म्हटलं, आज काय ते होऊन जाऊ दे.  पन्नाशी उलटलेली बाई मी, आणि परीक्षेच्या निकालाला उभी.

आईने सुरी उलटी धरली. कणकेवर टकटक केलं, खपल्या उडाल्या, झाकण निघालं. वाफेचा मोठा लोट वर आला. आईने त्यात तोंड घातलं, अगदी हनुवटीपर्यंत, आणि दीर्घ श्वास घेतला. मी शेजारीच उभी होते. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, पण ते सर्दीने चार दिवस येतच होतं.

पलीकडे सोलांजने खुर्ची मागे सारली. नॅपकिन तोंडावर दाबला, उठली आणि खिडकी उघडली, भर मिस्त्रालमध्ये. बास्तियाँ खोकायला लागला. खोकता खोकता माझ्याकडे असं बघत होता जणू मी मडक्यात उंदीर शिजवलाय. टेबलाशी शांत होतो त्या आम्ही दोघीच. मी आणि आई.

आई वर झाली. डोळे मिटलेलेच. थोडा वेळ तिने तोंडातल्या तोंडात काहीतरी चाखल्यासारखं केलं. मग नेहमीच्या आवाजात म्हणाली,

"संत्र्याची साल कमी पडली."

मी चमचा उचलून रसात बुडवला आणि जिभेवर टेकवला. दात आंबले. कानशिलापर्यंत कळ गेली. व्हिनेगर. सगळं मडकंभर व्हिनेगर. आमच्या तळघरात वाइन डावीकडे आणि व्हिनेगर उजवीकडे. आजोबांच्या वेळेपासून तसंच आहे, म्हणून बुधल्यांवर कुणी कधी नाव लिहिलं नाही. आणि या दीडशहाण्याने सायकली लावताना त्यांची अदलाबदल केलेली. माझा आठवडा, माझं मांस, माझं मडकं, सगळं या माणसाच्या दोन चाकांखाली गेलं होतं. मी तोंड उघडलंच होतं.

आणि मग आईने काय म्हटलं ते माझ्या कानात दुसऱ्यांदा वाजलं.

साल कमी पडली. गल्लीतल्या बाईला दारातून वास आला. खोलीच्या दुसऱ्या टोकाची माणसं खिडकीकडे धावली. आणि वाफेत हनुवटीपर्यंत तोंड घातलेल्या माझ्या आईला संत्र्याची साल कमी वाटली.

मग एकेक आठवायला लागलं. अख्खी माळ घातलेली, तरी कमी. सोलांजचं मीठ, मिरची, केपर्स, जे जे जिभेला झोंबतं ते ते आवडलं. मागच्या महिन्यात दूध करपून पातेलं जळालं तेव्हा ती शेजारच्या खुर्चीत बसून लोकर विणत होती. मी तिच्यावर ओरडले होते की मुद्दाम उठत नाहीस. ती काही खोटं बोलत नव्हती. तिला साल लागतच नव्हती. वर्षभर मी तिच्यावर दातओठ खात होते आणि वर्षभर ती दर रविवारी त्या वाफेत नाक घालून शोधत होती.

मला रडू आलं आणि राग तर जातच नव्हता. सांगायचं ना, बाई. एका शब्दाने सांगायचं.

"आई, अगं हे तर..." बास्तियाँने सुरुवात केली.

मी टेबलाखाली त्याच्या पायावर पाय दिला, सगळा भार टाकून. "हो, आई," मी म्हटलं. "साल जरा कमीच झाली."

वर्षभरात मी पहिल्यांदा मान्य केलं होतं. तिथेच माझी चूक झाली. आईने डोळे उघडले. माझ्याकडे पाहिलं. मग उघड्या खिडकीकडे, सोलांजच्या नॅपकिनकडे, बास्तियाँच्या लाल डोळ्यांकडे. वाऱ्याने टेबलक्लॉथचं टोक फडफडत होतं. आईने झाकण हळूच मडक्यावर ठेवलं.

"यात साल आहे का, मगाली?"

"आहे, आई."

"किती?"

"खूप आहे."

तिने मान हलवली. कणकेच्या खपल्या बोटाने गोळा करून एका जागी ढीग केला. तिची बोटं बघवत नव्हती म्हणून मी नाक शिंकरलं.

"तुला काही कळलं नाही," ती म्हणाली, "तुला सर्दी आहे म्हणून."

"हो."

"मला सर्दी नाही."

 बास्तियाँने उठून खिडकी लावली. आईने सुरी पुसली, उलटी केली आणि मूठ माझ्याकडे करून टेबलावर सरकवली. सोलांजकडे तिने पाहिलंही नाही.

"पुढच्या रविवारी तू फोड," ती म्हणाली. "आणि कसा वास येतोय ते मला सांग. नीट सांग, घाईत नको."