लिंबूटिंबूच्या हातातला अंतरपाट

मी अंतरपाट बोलतोय. दोन वार पांढरं कापड, मधोमध कुंकवाचं स्वस्तिक. उज्वलाताईंच्या लग्नात साताऱ्याला पहिल्यांदा उभा राहिलो, मग त्यांच्याबरोबर नेरूळला आलो. सोसायटीतल्या प्रत्येक लग्नाला मलाच मागून नेतात. नवरानवरीच्या मधे मला पाच मिनिटं धरायचं आणि बाजूला करायचं, एवढंच माझं काम.

उज्वलाताईंची मनाली लहानपणी मला कपाटातून पळवायची आणि पार्किंगमध्ये लग्न-लग्न खेळायची. नवरा शेजारचा यशराज. तो दोन वर्षांनी लहान, म्हणून सगळ्या खेळांत लिंबूटिंबू. आउट झाला तरी पोरं म्हणायची, "त्याचं धरायचं नाही."

दोघं मोठी झाली, भांडणं तशीच राहिली. गेल्या वर्षी गच्चीवर ती मला पिळत होती. दुसरं टोक यशराजच्या हातात. तो एकदम म्हणाला, "मनू, माझ्याशी लग्न करशील?"

तिचं पिळणं थांबलं. तेवढ्यानं हा घाबरला आणि हसत सुटला. "टेन्शन नको घेऊस. मी लिंबूटिंबू ना, माझं धरू नकोस."

असा संताप आला मला! अरे, तिला तोंड तरी उघडू द्यायचंस. पण मी पडलो कापड, मुकाट्यानं दोरीवर वाळत बसलो.

परवा बेलापूरच्या हॉलमध्ये तिचं लग्न लागलं. आकाश भला मुलगा आहे, त्याच्यावर माझा राग नाही. माझं एक टोक गुरुजींनी धरलं. दुसरं कोण धरणार? मनालीच म्हणाली, "यशा धरेल."

मंगलाष्टकं संपली, ताशा वाजला, गुरुजींनी टोक सोडलं. यशराजची मूठ काही सुटेना. त्याच्या घामानं मी ओला झालो.

"हिंदी पिक्चर चाललाय व्हय रं? सोड की," मनालीचे मामा उदयसिंह म्हणाले. सगळे हसले. मनाली जराशी वाकली. त्या गलक्यात तिचं बोलणं फक्त त्याला आणि मला ऐकू आलं.

"यशा, मी धरलं होतं रे."

त्याची मूठ उघडली. मी खाली पडलो आणि अक्षता माझ्यावर पडल्या.

तेव्हापासून मी त्याच्या बॅगेत आहे, घड्यांमध्ये तांदूळ तसेच. उज्वलाताई धुवायला मागतात, हा "उद्या देतो" म्हणतो. पुढच्या महिन्यात तिसऱ्या मजल्यावर लग्न आहे, मला जायला हवं. त्याला कुणीतरी सांगा हो, बाबा, आता सोड.