क्षमाचा नवा फ्रॉक

माझा आवाज एरवीही मोठाच. पंधरा वर्षं एसटीत कंडक्टरकी केल्यावर कुणाचाही होतो. पण त्या सकाळी मी लोहाऱ्यातली अख्खी गल्ली गोळा केली, त्याला कारण होतं.

जयंतीसाठी मी क्षमाला पांढरा फ्रॉक आणला होता. क्षमा माझी भाची, आठ वर्षांची. बहीण वारली आणि सहा महिन्यांत तिच्या नवऱ्यानं, अमरदीपनं, दुसरं लग्न केलं. पोरगी आधी त्याच्या आईकडं, मग मुरुमला माझ्या मावशीकडं, आणि दिवाळीपासून आमच्याकडं. विहारात निघायच्या वेळी बघतो तर फ्रॉकच्या चिंध्या, कात्री हिच्या हातात.

माझं डोकं फिरलं. हात उगारला. बायको, पौर्णिमा, मधे पडली म्हणून पोरगी वाचली आणि पलंगाखाली शिरली. लाज वाटते, पण झालं ते असं झालं.

मुरुमची मावशी, बनाबाई, जयंतीला आलेलीच होती. ती म्हणाली, "आमच्याकडंबी असाच गोंधळ. नवा फ्रॉक बघून लई रडली. तरी घालूनच धाडली म्या."

"घालून धाडली म्हंजे?"

"मग? लेकराला जुनेऱ्यावर दुसऱ्याच्या दारात उभं करू? अमरदीपनं धाडताना नवा घेतला, त्याच्या आईनंबी घेतला. रीत हाय ती."

माझ्या डोक्यात आत्ता उजेड पडला. तीन घरांनी तिला बाहेर काढलं आणि तिन्ही वेळा नवा फ्रॉक घालून. चौथा मी आणला. "उद्या घालायचा, तयार राहायचं," एवढंच बोललो होतो. कुठं जायचं, ते मीही सांगितलं नव्हतं.

"रीत?" मी ओरडलो. "दुकानात जाताना पाय दुखले न्हायत तुमचे, आन लेकराला जवळ घ्यायला हात दुखले?"

"माझं वय झालंय रे, प्रेमानंद. झेपत न्हवतं मला."

"मग तसं तिला सांगायचं! तिला वाटतंय तिचंच चुकलं!"

म्हातारी रडायला लागली. मला दया आली नाही. सगळ्यांचा राग आला होता, अमरदीपचा सगळ्यात जास्त, आणि त्याच्याइतकाच माझा स्वतःचा. शेजारी दारात जमले होते, त्यांनाही मी हाकललं.

क्षमा पलंगाखालून सरपटत बाहेर आली. तिनं चिंध्या गोळा केल्या आणि माझ्यापुढं धरल्या.

"मामा, ह्यो तर फाटला. आता न्हाय ना धाडणार मला?"

"न्हाय!" मी म्हणालो. पण आवाज अजून चढलेलाच होता. ती दचकली आणि पुन्हा पलंगाखाली गेली.