खंडेनवमीला मी वाजलो नाही

मी एक जुना पियानो आहे, मित्रांनो, आणि थोडा गर्विष्ठही आहे. असणारच! ब्रिस्टलमधल्या एका छोट्या खोलीत बसून मी एकवीस चित्रपटांना संगीत दिलंय.

जन्म माझा लीड्सचा. आधी एका शाळेत वीस वर्षं मुलांचे गुद्दे खाल्ले. मग जपानहून आलेल्या संगीतकार कियोकोबाईंनी मला घरी आणलं. त्यांची रीत न्यारी. पडद्यावर दृश्य, एका हातात स्टॉपवॉच, दुसरा माझ्यावर. "सतरा सेकंद," असं पुटपुटत त्या तेवढ्यात बसणारी धून शोधायच्या. लोक त्यांना नावाजायचे, तेव्हा मी मनात म्हणायचो, अहो, निम्मं श्रेय इकडे!

गेल्या वर्षी मात्र घोडं अडलं. पेंग्विनांच्या चित्रपटाचं शेवटचं दृश्य होतं. आई समुद्रावरून परतते, तर घरटं रिकामं. चाळीस सेकंद. बाईंचं वय अठ्ठ्याहत्तर, बोटं थरथरायची. रोज नवी धून, रोज कचऱ्यात. निर्मात्यांनी कळवलं, उद्या संध्याकाळपर्यंत संगीत आलं नाही तर काम दुसऱ्याकडे जाईल.

"हे गेलं की आपण दोघंही घरी," बाई मला म्हणाल्या. मी हादरलोच.

सकाळी शेजारची मंजिरी आली. पुण्याची इंजिनिअर, बोलणं दोघींचं इंग्रजीत. हातात हळदकुंकू आणि झेंडू.

"कियोकोसान, आज खंडेनवमी. आम्ही आज हत्यारांची पूजा करतो. लॅपटॉपची झाली, आता तुमच्या पियानोची!" तिने माझ्या मधल्या पट्टीला कुंकू लावलं. "आता आज त्याला हात लावायचा नाही हं. त्याची विश्रांती."

"पण आजच माझी डेडलाइन आहे."

"अय्या, सॉरी! मग वाजवा तुम्ही, काही होत नाही."

बाई त्या कुंकवाकडे बघत राहिल्या. मग मला कमरेत वाकून नमस्कार केला आणि झाकण लावलं.

दिवसभर त्या दृश्य नुसतं बघत बसल्या. वारा, खड्यांवरची पावलं, आईची हाक. मी आत कासावीस! चार वाजता त्यांनी कागदावर लिहिलं: चाळीस सेकंद, शांतता. आणि तेच निर्मात्यांना पाठवून दिलं.

पहिल्या खेळाहून मंजिरी रडतच आली. "कियोकोसान, त्या सीनला कोणी खोकलंसुद्धा नाही!" लगेच बाईंना पुढचा चित्रपट मिळाला. इतकी वर्षं वाजलो, पण सगळ्यात मोठं नाव झालं ते गप्प बसून. छाती फुगणार नाही तर काय?

मित्रांनो, घरातल्या वाद्याची धूळ पुसा, त्याला सुरात ठेवा, आणि वर्षातून एक दिवस विसावाही द्या.

परवा सूर लावणारा माणूस ते कुंकू पुसायला निघाला. बाईंनी त्याचा हात धरला.

"राहू दे," त्या म्हणाल्या. "ती त्याची सही आहे."