तुगिरानच्या मुराईची शीळ

जावा बेटावर, क्लातेनजवळच्या एका गावात, म्हाताऱ्या तुगिरानच्या घरी माणसं दोन, पाखरू एक आणि फोनही एकच. तो फोन पाखराचा होता.

तुगिरानला मुराई पक्ष्यांच्या गाण्याच्या स्पर्धेत नाव काढायचं होतं, आणि हल्ली पाखरांची शिकवणी फोनवरच चालते. नामांकित मुराईचा व्हिडिओ लावायचा, फोन पिंजऱ्यावरच्या फडक्याखाली सरकवायचा, बास. ऐकून ऐकून आपलं पाखरू तयार होतं. तुगिरानचं पाखरू सात महिने ऐकत होतं आणि चोच उघडत होतं ते फक्त रातकिडे खायला.

बायको वागियेमला त्याच फोनवर समुद्रापलीकडं बालिकपापानला राहणाऱ्या लेकीचं बाळ बघायचं असायचं. लेकीचा फोन यायचा आणि फडक्याखालचं पाखरूच नातवाचं तोंड बघून घ्यायचं. शेवटी तिनं पिशवी भरली. "आता पाखरालाच विचारा, भाजीत मीठ किती घालू," म्हणाली आणि सुराबायाच्या बंदरावर जाऊन लेकीकडच्या बोटीत बसली.

दोन महिने गेले. तुगिरान काही फोन लावेना, ताठा मोठा. पण सकाळी रातकिडे चारताना त्याच्या तोंडून आपोआप एक शीळ निघे. तीन सूर वर चढायचे, मग श्वासभर थांबायचं, आणि चौथा घसरत खाली. पन्नास वर्षांपूर्वी तंबाखू वाळवायच्या छपरामागे उभा राहून तो ही शीळ घालायचा. पलीकडं चुलीपाशी बसलेली वागियेम पातेल्यावर पळी तीनदा वाजवायची. म्हणजे, आले, थांब. ही भानगड दोघांखेरीज कुणाला ठाऊक नव्हती.

आणि एका सकाळी मुराईनं तीच शीळ घातली. श्वासभर थांबण्यासकट.

शेजारची मुर्तिनी, तेंपे म्हणजे सोयाबीनच्या वड्या तळून विकणारी, हातातला झारा टाकून धावत आली. तिनं ते आपल्या फोनवर टिपलं आणि जगापुढं टाकलं.

पुढचं खोटं वाटेल, पण क्लातेनात कुणालाही विचारा. आठवड्यात लाखो पाखरूवेड्यांनी ते पाहिलं, आणि पाहून सोडलं नाही, आपापल्या फडक्याखाली लावलं. मग उलट व्हिडिओ यायला लागले. मुर्तिनी फोन धरायची, तुगिरान बघायचा. देशाच्या पार पश्चिम टोकाची, आचेतली मुराई तीन सूर चढली, थांबली, घसरली. अंबोनच्या धक्क्यावर दोरखंडावर बसलेली मोकळी मैनाही तशीच. पापुआतल्या एका काकाकुव्यानं तर शेवटी पदरची गिरकी जोडली होती. पापुआत सूर्य उगवला की शीळ तिथं सुरू व्हायची, मग सुलावेसी, मग जावा, मग आचे. बेटामागून बेट, तीन तास ती समुद्रावरून पश्चिमेकडं धावत जायची.

तुगिराननं बसल्या जागी चटई घट्ट धरली.

"आजोबा, अख्खा देश तुमच्या पाखराचा चेला झाला," मुर्तिनी म्हणाली. "आणि तुम्ही घामाघूम?"

छपरामागचं त्याचं तरुणपण समुद्र ओलांडत होतं.

मग बालिकपापानहून फोन आला. पडद्यावर वागियेम, कडेवर बाळ, मागं शेजाऱ्याच्या मुराईचा पिंजरा.

"अहो, सगळ्या देशाला सांगितलंत," ती म्हणाली. "मला तेवढं सांगायचं राहिलं."

"अगं, मी नाही, पाखरानं..."

"पाखराला कुणी शिकवलं?"

तुगिराननं ओठ ओले केले. तीन सूर चढले. मग तो थांबला, आणि त्या श्वासभरात इथली मुराई, तिथली मुराई, मुर्तिनीच्या छपरावरच्या चिमण्या, सगळं गप्प. चौथा सूर सगळ्यांनी मिळून घसरवला.

वागियेमनं बाळ लेकीकडं दिलं आणि ती उठून गेली. तिकडं आत कुठंतरी पातेल्यावर पळी वाजली, टण, टण, टण.

"गुरुवारची बोट आहे," ती परत येत म्हणाली.

इकडं मुराईनं मान तिरकी करून ऐकलं आणि हळूच म्हणून पाहिलं, टण, टण. मुर्तिनीचा हात फोनकडं गेला. तुगिराननं तो धरला.

"हे नको," तो म्हणाला. "हे घरातच राहू दे."