स्कारबरोतलं अखंड नाम

२०१७च्या मे महिन्यात निर्माल्य सरकार नावाच्या बंगाली माणसाने कॅनडातल्या स्कारबरोत एक हॉल घेतला आणि बंगालमधल्या आपल्या गावचं नामसंकीर्तन तिथे ‘उभं केलं’. हे त्याचेच शब्द. भिंतीला प्लॅस्टिकच्या केळी, दाराशी थर्माकोलची झोपडी, झोपडीपुढे सेल्फीसाठी रांग. ढोलकीला त्याने कॉस्मसला बोलावलं. कॉस्मस वसईचा, दोघे एकाच वेअरहाऊसमध्ये कामाला होते.

"नियम एकच," निर्माल्यने बजावलं. "सूर्य मावळेपर्यंत नाम तुटता कामा नये. आमच्या गावात कधी तुटलं नाही."

गावाहून आलेली त्याची म्हातारी आत्या तेवढी मनापासून गात होती. बाकीचे दोन ओळी म्हणत, फोन बघत आणि खिचडी झाली का विचारत. कॉस्मसला सगळ्याची किळस आली. वसईत चर्चच्या सणालाही लोक नटून येत, पण गाताना निदान गात तरी.

दुपारी कुणीतरी दारातून ओरडलं, "टो ट्रक आलाय, गाड्या उचलतोय." शेजारच्या दुकानाच्या पार्किंगमध्ये गाड्या लावायला निर्माल्यनेच सांगितलं होतं. बघता बघता हॉल रिकामा झाला. माइक टाकून सगळ्यांत पुढे तोच पळाला.

आत्या एकटी गात राहिली. मग तिला ठसका लागला, आवाज फुटेना. तिने कॉस्मसकडे पाहून हात जोडले.

कॉस्मस कॅथलिक. हे नाव त्याने कधी तोंडात घेतलं नव्हतं. पण या पळपुट्यांपायी म्हातारीचा नेम मोडावा, हे त्याला बघवेना. सकाळपासून कानावर पडलेल्या चालीत तो घोगऱ्या आवाजात गाऊ लागला, "हरे कृष्ण, हरे राम." पाणी पिऊन आत्याने डोळे मिटले आणि त्याच्या सुरात सूर मिसळला.

टो ट्रकवाल्याला शिव्या देत लोक परतले. निर्माल्यने माइक उचलला, फोनवर लाइव्ह सुरू केलं. "बघा, कॅनडातही आम्ही नाम तुटू दिलं नाही."

सूर्य मावळल्यावर आत्याने प्रसादाचं पहिलं ताट वाढलं. निर्माल्यने हात पुढे केला. ती त्याच्यासमोरून गेली आणि ताट कॉस्मसपुढे ठेवलं. निर्माल्य काहीतरी कुजबुजला. तिने बंगालीत एकच वाक्य सुनावलं. कॉस्मसला शब्द कळले नाहीत, पण निर्माल्यची मान खाली गेलेली दिसली. कॉस्मस पोटभर जेवला.

घरी त्याच्या बायकोने, पॉलिनने विचारलं, "पुढल्या वर्षी जाशील?"

"आत्या येणार असेल तर. नाहीतर त्यांनी रेकॉर्डिंग लावावं. तिथे कुणाला फरक कळायचा नाही."